अमेरिकेच्या आप्रवासन धोरणाचा इतिहास कसा वाचावा

मराठी घरांत अमेरिकेच्या आप्रवासन धोरणाची चर्चा बहुधा एच-१बी व्हिसापासून सुरू होते आणि ग्रीन कार्डाच्या रांगेपाशी येऊन थांबते. हौसेने इतिहासात शिरणारा वाचक मात्र न्यूयॉर्कच्या बंदरातील स्वातंत्र्यदेवतेच्या पुतळ्यापासून आरंभ करतो. या दोन्ही सुरुवाती फसव्या आहेत. पुतळ्याचे अनावरण २८ ऑक्टोबर १८८६ रोजी झाले, तेव्हा चिनी मजुरांना प्रवेशबंदी करणारा कायदा होऊन चार वर्षे उलटली होती. परागंदा लोकांचे स्वागत करणाऱ्या कवितेचा फलक पुतळ्यापाशी बसला तो १९०३ मध्ये, आणि त्याच्या आदल्याच वर्षी ती चिनी बंदी बेमुदत वाढवण्यात आली होती. स्वागत आणि मज्जाव या देशात एकाच काळात नांदत आले आहेत. त्यामुळे ‘अमेरिका पूर्वी उदार होती, आता संकुचित झाली’ किंवा याच्या नेमके उलट, अशा सरळ रेषेत हा इतिहास बसवू पाहणाऱ्याच्या हाती फारसे काही लागत नाही.

पुढे सांगितलेली वाचनाची रीत विद्यार्थ्यांना, स्पर्धा परीक्षांच्या उमेदवारांना आणि ज्यांच्या घरातील कोणी तिकडे स्थायिक झाले आहे अशा जिज्ञासूंना उपयोगी पडावी. तिचे मूळ सूत्र असे की, समाजाची नवागतांविषयीची वृत्ती भाषणांत शोधण्याआधी ती कायद्याच्या व्याख्यांत, अपवादांत आणि आकडेमोडीत शोधावी. भाषणे सोयीप्रमाणे बदलतात. व्याख्या मात्र कायद्यात टिकून राहतात आणि पुष्कळदा त्या लिहिणाऱ्याच्या मृत्यूनंतरही आपले काम करत असतात.

आधी तीन प्रश्न वेगळे करावेत

कोणत्याही कायद्याची किंवा घटनेची नोंद करताना ती तीनपैकी कोणत्या प्रश्नाशी संबंधित आहे, हे समासात लिहून ठेवावे. देशात कोणी यावे, आलेल्याला कोणत्या कारणाने बाहेर काढता येईल, आणि नागरिक कोणाला होता येईल, हे ते तीन प्रश्न होत. अनेक लोकप्रिय लेखांत यांची सरमिसळ होते आणि मग तारखा एकमेकींशी भांडू लागतात.

याचे चांगले उदाहरण १७९० चा नागरिकत्व कायदा आहे. दोन वर्षे वास्तव्य केलेल्या, सच्छील आणि ‘मुक्त गोऱ्या’ व्यक्तीलाच त्याने नागरिकत्वाचा अधिकार दिला. हीच वास्तव्याची अट १७९५ मध्ये पाच वर्षे, १७९८ मध्ये चौदा वर्षे आणि १८०२ मध्ये पुन्हा पाच वर्षे झाली. म्हणजे पहिल्या बारा वर्षांतच पक्षीय राजकारणाने हा काटा तीनदा हलवला. परंतु या काळात देशात प्रवेश करण्यावर केंद्र सरकारचे जवळजवळ कोणतेही निर्बंध नव्हते. येण्यास मोकळीक आणि नागरिक होण्यास वर्णाची अट, अशी ही जोडी होती. यादवी युद्धानंतर, १८७० मध्ये, आफ्रिकी वंशाच्या लोकांना नागरिकत्वाचा मार्ग खुला झाला. आशियाई लोक मात्र दोहोंच्या मधल्या फटीत राहिले.

ही फट किती खरी होती हे आपल्याकडच्या दोन प्रवासांवरून पडताळून पाहता येते. आनंदीबाई जोशी जून १८८३ मध्ये न्यूयॉर्कला उतरल्या, तेव्हा त्यांना व्हिसा लागला नाही, कारण व्हिसा नावाची गोष्टच त्या व्यवस्थेत नव्हती. आदल्या वर्षीच्या कायद्याप्रमाणे परदेशी प्रवाशामागे जहाजमालकाकडून ५० सेंट कर तेवढा घेतला जाई. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ मध्ये कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले, तेव्हाही भारतीयांना सरसकट अडवणारा कायदा झालेला नव्हता; तो चार वर्षांनी झाला, आणि त्यातही विद्यार्थ्यांना सूट होती. मात्र या दोघांनी नागरिकत्व मागितले असते, तर त्यांना १७९० च्या त्या दोन शब्दांशी सामना करावा लागला असता.

व्याख्या वाचताना नकाशा जवळ ठेवावा

कायद्याचा मजकूर वाचणे कंटाळवाणे असते हे खरे, पण या विषयात त्याला पर्याय नाही. मजकूर वाचताना कोणाचे नाव घेतले आहे यापेक्षा कोणाचे नाव टाळले आहे याकडे अधिक लक्ष द्यावे.

१८८२ च्या कायद्यात चिनी लोकांचे नाव स्पष्ट होते. बंदी होती ती मजुरांना, कुशल आणि अकुशल दोघांनाही. व्यापारी, शिक्षक, विद्यार्थी व प्रवासी यांना सूट होती. या सुटीवरून हा कायदा वंशाचा होता तितकाच वर्गाचा होता हे ध्यानात येते. चिनी व्यापाराची गरज अमेरिकेला होती, आणि चिनी मजुराने पॅसिफिक किनाऱ्याचा रेल्वेमार्ग बांधून झालेला होता.

१९१७ च्या कायद्याने वेगळी युक्ती योजली. त्याने आशियाचा एक विस्तीर्ण पट्टा निषिद्ध ठरवला, पण तो देशांच्या नावांनी सांगितला नाही. अक्षांश आणि रेखांश यांच्या आकड्यांनी आखला. भारताचे नाव त्या कलमात कोठेही नाही. वाचकाने साधा शालेय नकाशा घ्यावा आणि आशिया खंडावर पूर्वेकडे ११० वे व पश्चिमेकडे ५० वे रेखावृत्त, तर उत्तरेकडे ५० वे अक्षवृत्त आखावे. इराणभोवतीचा वगळलेला तुकडा सोडला तर सबंध भारत त्या चौकटीत अलगद बसलेला दिसेल. चीनचा दाट वस्तीचा पूर्व भाग चौकटीबाहेर राहिला, कारण त्याच्यासाठी आधीचा कायदा होता. जपान बाहेर राहिला, कारण १९०७ च्या सुमारास झालेल्या समजुतीनुसार जपान सरकार स्वतःच मजुरांना पारपत्र नाकारत होते. तीन रेघांचा हा खेळ मनावर जितका ठसतो, तितका त्या कायद्यावरचा एखादा लांबलचक निबंध ठसत नाही, असा माझा अनुभव आहे.

तिसरी युक्ती सर्वांत चलाख होती. १९२४ च्या कायद्याने ‘नागरिकत्वास अपात्र’ असलेल्या परकीयांना कायम वास्तव्यासाठी येण्यास मनाई केली. येथेही जपानचे नाव नाही. पण नागरिकत्वास अपात्र कोण, याचे उत्तर १७९० च्या ‘मुक्त गोऱ्या’ या शब्दांत होते. म्हणजे १३४ वर्षांपूर्वी नागरिकत्वाच्या प्रश्नावर लावलेले कुलूप आता प्रवेशाच्या दारालाही लागले. तिन्ही प्रश्न आधी वेगळे करण्याचा आग्रह धरला तो याचसाठी, कारण ते नेमके कोठे एकत्र आले हे त्यानंतरच दिसते.

निकालपत्रे वाचण्याची पद्धत

न्यायालयीन निकाल वाचताना निकाल कोणाच्या बाजूने लागला यापेक्षा न्यायालयाने कोणती कसोटी वापरली हे टिपावे, आणि तीच कसोटी त्याच न्यायालयाने थोड्या काळापूर्वी वापरली होती का हे पाहावे.

नोव्हेंबर १९२२ मध्ये जपानी वंशाच्या ताकाओ ओझावा यांचा नागरिकत्वाचा अर्ज सर्वोच्च न्यायालयाने फेटाळला. कारण असे दिले की, ‘गोरा’ याचा अर्थ कॉकेशियन वंशाचा, आणि जपानी माणूस कॉकेशियन नव्हे. तीनच महिन्यांनी, फेब्रुवारी १९२३ मध्ये, भगतसिंग थिंद यांचा खटला त्याच न्यायालयापुढे आला. थिंद पंजाबचे शीख, पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्यात नोकरी केलेले. तत्कालीन मानववंशशास्त्राप्रमाणे उत्तर भारतीय लोक कॉकेशियन गणले जात, तेव्हा ओझावांच्या निकालाची कसोटी लावली तर आपण गोरे ठरतो, असा त्यांचा दावा होता. न्यायमूर्ती जॉर्ज सदरलँड यांनी दोन्ही निकालपत्रे लिहिली, आणि दुसऱ्यात त्यांनी शास्त्राची कसोटी बाजूला सारून सामान्य माणसाची समजूत ही कसोटी मानली. सामान्य अमेरिकी माणूस थिंद यांना गोरा समजणार नाही, म्हणून ते गोरे नव्हेत.

ही दोन निकालपत्रे एका बैठकीत वाचावीत. वंश नावाची गोष्ट कायद्याने किती सोयीस्करपणे घडवली हे त्यातून कळते. पण मराठी वाचकाने आणखी एक पाऊल पुढे जावे आणि थिंद यांच्या बाजूचा युक्तिवादही वाचावा. सखाराम गणेश पंडित या वकिलांनी तो मांडला होता. उच्चवर्णीय हिंदू इतरांशी रोटीबेटी व्यवहार टाळतात आणि भारतातील मूळ रहिवाशांना हीन लेखतात, हीच त्यांच्या आर्य रक्ताच्या शुद्धतेची खूण होय, असा त्याचा आशय होता. गोऱ्यांच्या पंगतीत बसण्यासाठी जातीचा अहंकार पुरावा म्हणून पुढे केला गेला. या खटल्याच्या सातच वर्षे आधी, ९ मे १९१६ रोजी, आंबेडकरांनी कोलंबियात जातिसंस्थेच्या उगमावर आपला निबंध वाचला होता, हे लक्षात ठेवून तो युक्तिवाद वाचला की स्थलांतरिताला केवळ बळी म्हणून पाहण्याची सवय मोडते.

या निकालाआधी काही भारतीयांना नागरिकत्व मिळालेले होते. मुंबईचे पारशी व्यापारी भिकाजी बालसरा यांच्या नागरिकत्वावर १९१० मध्ये अपील न्यायालयाने शिक्कामोर्तब केले होते, आणि खुद्द पंडित १९१४ मध्ये नागरिक झाले होते. थिंद निकालानंतर सरकारने अशी नागरिकत्वे रद्द करवण्याची मोहीम उघडली. पंडित आपले नागरिकत्व न्यायालयात टिकवू शकले. सॅन फ्रान्सिस्कोचे दुकानदार वैष्णो दास बगाई यांना ते जमले नाही. नागरिकत्व गमावलेल्या या माणसाने १९२८ मध्ये आत्महत्या केली. थिंद यांना पुढे १९३६ मध्ये माजी सैनिकांसाठीच्या एका कायद्याच्या आधारे नागरिकत्व मिळाले. ज्या दोन शब्दांनी ते नाकारले गेले होते, ते तेव्हाही कायद्यात होते.

आज व्हिसाधारकांना मायदेशी जाऊन परत येताना जी धाकधूक वाटते, तिची मुळे शोधायची असतील तर १८८९ चा छाए चान पिंग यांचा खटला वाचावा. हे गृहस्थ सॅन फ्रान्सिस्कोत बारा वर्षे राहिले, १८८७ मध्ये परतीचा अधिकृत दाखला घेऊन चीनला गेले, आणि परतीच्या प्रवासात ते समुद्रावर असतानाच, १ ऑक्टोबर १८८८ रोजी, नव्या कायद्याने असे सर्व दाखले रद्द केले. आठवड्याभराने जहाज बंदरात आले आणि त्यांना उतरू दिले गेले नाही. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की परकीयांना अडवण्याचा अधिकार सार्वभौमत्वातूनच येतो आणि त्यात न्यायालय हात घालणार नाही. हद्दपारी ही शिक्षा नव्हे, असे १८९३ मध्ये दुसऱ्या एका निकालाने ठरवले. तो निकाल ज्या कायद्याविषयी होता, त्यात चिनी मजुराने रहिवासाचा दाखला बाळगला नाही तर त्याला आपले वास्तव्य सिद्ध करण्यासाठी गोरा साक्षीदार आणावा लागे. चिनी बंदी १९४३ मध्ये उठली. तिच्या निमित्ताने घडलेले हे न्यायतत्त्व मात्र पुढील शतकभर वेगवेगळ्या देशांच्या नागरिकांना लागू होत राहिले. एका गटाविरुद्ध झालेले कायदे त्या गटापुरते राहत नाहीत, म्हणून चिनी बंदीचे प्रकरण ‘आपले नव्हे’ म्हणून वगळू नये. याच काळातला उलट दिशेचा निकालही शेजारी ठेवावा: चिनी आईवडिलांच्या पोटी सॅन फ्रान्सिस्कोत जन्मलेला वाँग किम आर्क हा जन्माने नागरिकच आहे, असे त्याच न्यायालयाने १८९८ मध्ये ठरवले.

आकडेमोड स्वतः करून पाहावी

१९२१ ते १९२९ या आठ वर्षांचा अभ्यास कागद-पेन्सिल घेऊनच करावा. पद्धत बाहेरून निरुपद्रवी दिसते. एखाद्या देशात जन्मलेले जितके लोक जनगणनेच्या वेळी अमेरिकेत होते, त्याच्या काही टक्के लोकांना दरवर्षी प्रवेश द्यायचा, एवढेच. १९२१ मध्ये प्रमाण ३ टक्के होते आणि आधार १९१० च्या जनगणनेचा होता. १९२४ मध्ये प्रमाण २ टक्के झाले, आणि जनगणना मात्र मागे सरकून १८९० ची घेतली गेली.

एक टक्का कमी झाला हे सर्वांना दिसते. वीस वर्षे मागे गेले हे सहसा दिसत नाही. इटालियन, पोलिश आणि रशियातून पळालेले ज्यू यांच्या मोठ्या लाटा १८९० नंतर आल्या. त्यामुळे त्या वर्षाचे आकडे धरले की ते लोक जणू आलेच नव्हते असे होते. इटलीचा कोटा ४२,०५७ वरून ३,८४५ वर आला, म्हणजे अकरा जागांमागे एक उरली. त्याच कायद्यात जर्मनीला ५१,२२७ आणि ग्रेट ब्रिटन व उत्तर आयर्लंडला मिळून ३४,००७ जागा होत्या. कायद्यात ‘इटालियन नकोत’ असे कोठेही लिहिलेले नाही. ते काम जनगणनेच्या सालाने केले.

१९२९ मध्ये सूत्र पुन्हा बदलले. आता केवळ परदेशी जन्मलेले नव्हे, तर १९२० च्या सर्व लोकसंख्येचे पूर्वज कोणत्या देशातून आले याचा हिशोब करून दीड लाखांच्या आसपासच्या एकूण जागा वाटण्यात आल्या. ब्रिटनचा कोटा ६५,७२१ झाला, जर्मनीचा २५,९५७ वर उतरला. या हिशोबात ‘सर्व लोकसंख्या’ म्हणजे कोण, हे पाहावे. गुलाम म्हणून आणलेल्यांचे वंशज, मूळ रहिवासी आणि नागरिकत्वास अपात्र असलेले लोक व त्यांचे वंशज यांना मोजायचे नाही, असे कायद्यातच म्हटले होते. दोन-तीन शतके त्या भूमीवर राबलेली माणसे राष्ट्राच्या उगमाच्या गणितातून कायद्याने पुसली गेली. नवागतांविषयीची वृत्ती जुन्या रहिवाशांविषयीच्या वृत्तीहून निराळी काढता येत नाही, याचा याहून नेमका पुरावा मला तरी आढळलेला नाही.

ही सारी कडकाई पूर्व गोलार्धापुरती होती. मेक्सिको, कॅनडा आणि दक्षिण अमेरिका कोट्याच्या बाहेर होते, कारण नैऋत्येकडील शेतमालकांना मेक्सिकन मजूर हवे होते. १९२४ मध्येच सीमा गस्ती दलाची स्थापना झाली आणि १९२९ मध्ये बेकायदा सीमा ओलांडणे हा फौजदारी गुन्हा ठरला, हे सोबत नोंदवावे. पुढे मंदीत लाखो मेक्सिकन वंशाच्या लोकांना, त्यांत अमेरिकेत जन्मलेले नागरिकही होते, परत धाडण्यात आले; आणि १९४२ मध्ये युद्धामुळे मजूर कमी पडताच त्याच मेक्सिकोतून कंत्राटी शेतमजूर आणण्याची सरकारी योजना सुरू झाली, ती १९६४ पर्यंत चालली.

लोकांची वृत्ती कोठे शोधावी

वृत्तपत्रांतील व्यंगचित्रे आणि भाषणे वाचण्यास हरकत नाही, पण त्यांतून ‘अमेरिकी जनता’ असा एकसंध प्राणी तयार करू नये. त्याऐवजी विरोध करणारा स्वतः कोण होता हे शोधावे. ‘चिन्यांना हाकला’ अशी घोषणा देऊन कॅलिफोर्निया दणाणून सोडणारा डेनिस कर्नी हा आयर्लंडमध्ये जन्मलेला स्थलांतरित होता. त्याच्याआधी वीसेकच वर्षे मागे, दुष्काळातून पळून आलेले आयरिश कॅथलिक हेच राष्ट्राला धोका आहेत असे मानणारा ‘नो-नथिंग’ पक्ष जोरात होता, आणि नागरिकत्वासाठी एकवीस वर्षांचे वास्तव्य असावे अशी त्याची मागणी होती. त्याहून मागे गेल्यास, बेंजामिन फ्रँकलिन १७५१ मध्ये पेनसिल्व्हेनियातील जर्मनांविषयी तक्रार करताना आढळतात: हे लोक आपली भाषा शिकत नाहीत, तेच आपल्याला जर्मन बनवतील. काल दारात अडवलेला आज दारावर उभा राहतो. मुंबईत राहिलेल्या वाचकाला हे निराळे समजावून सांगायला नको.

सरकारी अहवालांचाही असाच चिकित्सेने उपयोग करावा. काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, नेमलेल्या डिलिंगहॅम आयोगाने १९११ मध्ये ४१ खंडांचा अहवाल दिला आणि साक्षरतेच्या अटीची शिफारस केली. ती अट घालणाऱ्या विधेयकांवर क्लीव्हलंड, टॅफ्ट आणि विल्सन या राष्ट्राध्यक्षांनी नकाराधिकार वापरला होता. अखेर १९१७ मध्ये विल्सन यांचा नकार डावलून ती कायद्यात आली. गंमत अशी की, त्याच ४१ खंडांत मानववंशशास्त्रज्ञ फ्रान्झ बोआस यांचा अभ्यास आहे, आणि स्थलांतरितांच्या मुलांच्या डोक्याचा आकारसुद्धा अमेरिकेत बदलतो, म्हणजे ‘वंश’ ही अचल वस्तू नव्हे, असे तो सांगतो. अहवालाचा निष्कर्ष तेवढा वाचून थांबणाऱ्याला आतल्या पानांतील हे भांडण दिसत नाही.

मूळ कागद हाताळताना

जहाजांच्या प्रवासी-याद्या आता मोठ्या प्रमाणावर संगणकावर पाहता येतात. १८९९ पासून प्रवाशाचा ‘वंश’ स्वतंत्रपणे नोंदवला जाऊ लागला; त्या वर्गवारीत उत्तर इटालियन आणि दक्षिण इटालियन हे दोन वेगळे वंश होते. या याद्या जहाज सुटते त्या बंदरात तयार होत आणि न्यूयॉर्कच्या बंदरातील एलिस आयलंड या तपासणी केंद्रावरचे अधिकारी त्यांच्यावरूनच तपासणी करत. म्हणून ‘आमच्या आजोबांचे आडनाव एलिस आयलंडवरच्या कारकुनाने बदलले’ ही अमेरिकेत घरोघरी सांगितली जाणारी कथा बहुधा खरी नसते. नावे लोकांनी स्वतःच पुढे सोयीसाठी बदलली.

पश्चिम किनाऱ्यावरील कागदांबाबत वेगळी सावधगिरी हवी. १९०६ च्या भूकंपानंतरच्या आगीत सॅन फ्रान्सिस्कोतील जन्मनोंदी जळाल्या, आणि त्याचा फायदा घेऊन अनेक चिनी रहिवाशांनी आपला जन्म तेथलाच असल्याचे सांगितले व चीनमधून ‘कागदोपत्री मुलगे’ आणले. त्यामुळे अधिकाऱ्यांनी १९१० पासून सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागरातील एंजल आयलंडवर उलटतपासणी आरंभली: गावात घरे किती, विहीर कोणत्या दिशेला, जिन्याच्या पायऱ्या किती. येथे अडकवून ठेवलेल्या लोकांनी बराकींच्या लाकडी भिंतींवर चिनी कविता कोरल्या आणि त्या आजही पाहता येतात. अशा नोंदींत माणसाचे नाव, वडील आणि गाव तिन्ही बनावट असू शकतात, तरी त्या खोटेपणामागची गरज खरी असते.

जनगणनेतील रकानेही वर्षावर्षाला ताडून पाहावेत. १९३० व १९४० च्या जनगणनेत ‘हिंदू’ हा वंश म्हणून नोंदवला गेला आणि त्यात बहुसंख्येने असलेले शीख व मुसलमान पंजाबीही मोडले. १९७० मध्ये भारतीयांची गणना गोऱ्यांत झाली, आणि १९८० मध्ये त्यांना ‘एशियन इंडियन’ असा स्वतंत्र रकाना मिळाला. एकाच कुटुंबाच्या तीन पिढ्या तीन वंशांत विभागलेल्या आढळल्या, तर नोंद चुकली असे समजू नये.

हेतू आणि परिणाम यांचे दोन रकाने

१९६५ च्या कायद्यापाशी आल्यावर वहीत दोन रकाने आखावेत. एका बाजूला कायदा करणाऱ्यांना काय हवे होते ते लिहावे, दुसऱ्या बाजूला काय झाले ते. त्याची पूर्वपीठिका थोडक्यात अशी: १९४६ मध्ये भारतीयांना नागरिकत्वाचा हक्क आणि वर्षाला १०० जागांचा कोटा मिळाला, १९५२ मध्ये नागरिकत्वातील वर्णाची अट सर्वांसाठीच गेली, पण देशवार कोटे राहिले. ते ३ ऑक्टोबर १९६५ रोजी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी पुतळ्याच्या पायथ्याशी बसून केलेल्या सहीने रद्द झाले. या कायद्याला ज्यांचे नाव जोडले गेले ते ब्रुकलिनचे इमॅन्युएल सेलर १९२४ मध्ये नवखे सदस्य म्हणून कोट्यांविरुद्ध बोलले होते. त्यांना एकेचाळीस वर्षे थांबावे लागले.

मूळ प्रस्तावात कौशल्याला पहिले स्थान होते. मायकेल फीगन या सदस्याच्या आग्रहाने कुटुंबाच्या पुनर्मीलनाला ते मिळाले, कारण देशात युरोपीय लोकच जास्त असल्याने नातेवाईकही युरोपातूनच येतील असा सरळ हिशोब होता. परंतु तोवर पश्चिम युरोप सुखवस्तू झाला होता आणि तेथून येण्याची निकड राहिली नव्हती. भारतासारख्या देशांतून डॉक्टर आणि अभियंते कौशल्याच्या छोट्या खिडकीतून गेले, नागरिक झाले आणि मग कुटुंबाच्या मोठ्या दारातून त्यांनी भावंडांना बोलावले. शिकागो, न्यू जर्सी आणि कॅलिफोर्नियातील आजच्या मराठी वस्त्यांचा पाया या क्रमाने पडला. याच कायद्याने पश्चिम गोलार्धावर प्रथमच १,२०,००० ची मर्यादा घातली. मेक्सिकन मजुरांची कंत्राटी योजना एकच वर्षापूर्वी बंद झालेली होती, तेव्हा कालपर्यंत वैध असलेली तीच ये-जा आता बेकायदा ठरू लागली. उदार म्हणून गौरवलेल्या कायद्याचा हा भाग गौरवग्रंथांत कमी जागा घेतो.

१९९० च्या कायद्याने एच-१बी हा प्रवर्ग ६५,००० च्या मर्यादेसह सुरू केला आणि नोकरीवर आधारित ग्रीन कार्डांची संख्या वर्षाला १,४०,००० केली. येथेही गणित स्वतः करावे. कोणत्याही एका देशाला ७ टक्क्यांहून अधिक नाही, हा नियम लावला तर साधारण ९,८०० जागा होतात. इतर देशांच्या न वापरलेल्या जागा काही वेळा त्यात मिळतात, पण मूळ मर्यादा भारताला आणि आइसलँडला सारखीच आहे. कोणताही देश वरचढ होऊ नये या समतेच्या भावनेतून आलेल्या मर्यादेचा परिणाम जन्मदेशावरून रांग लांबण्यात झाला.

जे झाले नाही तेही नोंदवावे

शेवटी, कालरेषेच्या खाली एक ओळ नामंजूर विधेयकांसाठी आणि न वापरलेल्या जागांसाठी राखून ठेवावी. १८८२ च्या एका कायद्यात, सरकारी तिजोरीवर भार पडण्याची शक्यता असलेल्या व्यक्तीला उतरू देऊ नये असे कलम होते. तेव्हा ते निष्कांचनांसाठी होते. मंदीच्या काळात, १९३० मध्ये, हूव्हर प्रशासनाने परदेशांतील वकिलातींना त्याच कलमाचा अर्थ कडकपणे लावण्यास सांगितले. त्यामुळे हिटलर सत्तेवर आल्यानंतरच्या वर्षांत जर्मनीतून पळू पाहणाऱ्या ज्यूंच्या रांगा असतानाही जर्मनीचा कोटा भरत नव्हता. जर्मनी व ऑस्ट्रियाचा मिळून २७,३७० चा कोटा पुरता भरला तो १९३९ मध्ये, आणि तेव्हा तो अगदीच अपुरा होता.

त्याच वर्षी वीस हजार निर्वासित मुलांना कोट्याबाहेर प्रवेश देण्याचे वॅग्नर-रॉजर्स विधेयक काँग्रेसमध्ये आले आणि मतदानापर्यंत न पोहोचताच विरून गेले. मे महिन्यात हॅम्बुर्गहून ९३७ प्रवासी घेऊन सेंट लुई हे जहाज निघाले. हवानात बहुतेकांना उतरू दिले नाही, अमेरिकेनेही दिले नाही, आणि जून महिन्यात ते युरोपला परतले. त्यांपैकी २५४ जण पुढे ज्यूंच्या संहारात मारले गेले. कायद्यांच्या यादीत १९३९ या सालासमोर काहीही नोंद सापडणार नाही.